उत्तर माहीत असलेले प्रश्न

आमच्या घरात माझ्यावरून एक विनोद चालतो. मी मिठाचा डबा उलटा करते, झटकते, आत डोकावून बघते आणि मग नवऱ्याला विचारते, "मीठ संपलंय का हो?" नवरा लिफ्ट दुरुस्तीच्या कामावरून दमून आलेला असतो. बूट काढता काढता तो म्हणतो, "बाई, आज मी अभ्यास करून आलो नाही." लेक खिदळते. मी म्हणते, हसा, माझ्याच जिवावर हसा. परवापर्यंत मलाही तो विनोदच वाटत होता.

मी प्राथमिक शाळेत शिकवते. नुसती मुलांना शिकवत नाही, शिक्षकांनाही शिकवते. आमच्या शाळेत कुठून कुठून आलेली मुलं आहेत. कुणाचे आईवडील कामासाठी आलेत, कुणाचे अंगावरच्या कपड्यांनिशी पळून आलेत. अशा मुलांना वर्गात कसं सामावून घ्यायचं यावर मी व्याख्यानं देते. माझ्या वर्गाच्या एका भिंतीवर जगाचा भला मोठा नकाशा आहे आणि त्याच्याभोवती वर्गातल्या प्रत्येक मुलाच्या भाषेत 'ये, बस' असं लिहिलेलं आहे. पाहुणे आले की मोठ्या बाई, म्हणजे आमच्या मुख्याध्यापिका, त्यांना आधी ती भिंत दाखवायला आणतात.

भिंतीपलीकडच्या वर्गात कुणाला नेत नाहीत. तिथे मास्तर असतात. आवाज असा की मुलं त्यांना भोंगा म्हणतात. त्यांच्या भिंतीवर पाढे आणि एक बंद पडलेलं घड्याळ, बस्स. कोण मूल कुठून आलं, कुणाच्या घरी काय चालतं, हे त्यांच्या गावीही नसतं. ते उभे राहतात, सांगतात, फळ्यावर लिहितात, पुन्हा सांगतात. शिक्षकांच्या खोलीत मी त्यांची नक्कल करून दाखवायचे. चांगला हशा पिकायचा.

माझं म्हणणं उलट. मुलाला सांगायचं नाही, विचारायचं. रोज सकाळी सगळ्यांनी गोल करून बसायचं आणि मी एखादी वस्तू हातात धरायची. हे काय आहे? याचा रंग कोणता? हे कशाला वापरतात? व्याख्यानात मी म्हणायचे, "प्रश्न विचारला की मुलाच्या मनाचं दार उघडतं." टाळ्या पडायच्या. मी पाणी पिऊन पुढचं बोलायला लागायचे.

तर अशा माझ्या वर्गात ती मुलगी आली. आत्याचा स्वेटर घातलेला, बाह्या दुमडून दुमडून जाडजूड वळकट्या झालेल्या. आई नव्हती. बाप लांब पल्ल्याच्या ट्रकवर, आत्या लाँड्रीत कामाला. पहिले काही महिने मी तिला मोकळी सोडली, आधी कानावर भाषा पडू दे म्हटलं. पुढे ती मैदानावर तुटक तुटक बोलायला लागली, भांडायलासुद्धा लागली. पण वर्गात? छे. मी चेंडू धरून विचारलं, "हे काय आहे?" तर ती चेंडूकडे बघायची, माझ्याकडे बघायची आणि मूग गिळून बसायची. दुसऱ्या दिवशी छत्री. तिसऱ्या दिवशी चमचा. तोंडातून अक्षर नाही.

मी सगळं करून बघितलं. हसून, चुचकारून, मांडीवर घेऊन, गाणं म्हणून. शेवटी हात टेकले आणि प्रेमानेच, हो, मला तेव्हा ते प्रेमच वाटत होतं, तिचं नाव ठेवलं घुमी. "आमची घुमी आज बोलणार का?" मी विचारायचे आणि वर्ग हसायचा. तीही हसायची. सगळे हसतायत म्हणून हसायची.

आत्याला मी भेटायला बोलावलं. ती कामावरूनच आली होती, हाताला साबणाचा वास होता. मी सगळं समजावून सांगितलं. मोडक्यातोडक्या भाषेत ती म्हणाली, "बाई, घरी तर ही माझं डोकं खाते. गप्प बस म्हणावं लागतं."

मी मान डोलावली. पण मनातून तिच्यावर विश्वास ठेवला नाही. सगळेच घरचे असं म्हणतात. व्याख्यानात मी सांगायचे ना, "या घरांमधून मुलांशी कुणी बोलतच नाही हो, मुलं भाषेची उपाशी असतात." समोरचे शिक्षक लिहून घ्यायचे. मला त्या आत्याची कीव आली. चहासुद्धा पाजला मी तिला, काय ते मोठं मन माझं!

मग मीच शिफारस केली. आमच्याकडे अशा मुलांना तपासायला एक बाई येतात, चित्रांची पुठ्ठ्याची पानं घेऊन. त्यांना जे मूल मंद वाटेल त्याला शहराच्या दुसऱ्या टोकाच्या वेगळ्या शाळेत पाठवतात. ती शाळा वाईट आहे असं कुणी म्हणत नाही. पण तिथून परत आलेलं मूल मी तरी पाहिलेलं नाही.

तपासणीच्या वेळी मी शेजारीच बसले होते. बाईंनी सफरचंदाचं चित्र वर धरलं. "हे काय आहे, बाळ?" ती गप्प. "बघ बरं नीट. हे काय आहे?" तिचे डोळे भरून आले. आणि मग तिने एक विचित्रच गोष्ट केली. स्वेटरचे दोन्ही खिसे बाहेर ओढून उलटे केले. आतला रुमाल आणि खोडरबराचा तुकडा टेबलावर ठेवला आणि दोन्ही हात पसरून उभी राहिली.

तपासणीच्या बाईंनी माझ्याकडे बघितलं. मी हळूच मान हलवली. म्हणजे, बघा, असंच करते. बाईंनी खुर्चीचं चित्र दाखवलं, घड्याळाचं दाखवलं. ती तशीच, उलट्या खिशांनी. शेवटी बाई म्हणाल्या, "तुमचा अंदाज बरोबर आहे." खरं सांगते, मला आतून बरं वाटलं. माझा अंदाज बरोबर आला म्हणून.

पुढच्या सोमवारपासून तिला न्यायला त्या शाळेची गाडी येणार असं ठरलं. आत्याने मोठ्या बाईंसमोर हात जोडले. मोठ्या बाईंनी माझ्याकडे बोट दाखवलं, "या विषयातल्या त्या जाणकार आहेत." जाणकार! मी आत्याच्या खांद्यावर हात ठेवला. तिने तो झटकला नाही, नुसती सरकून उभी राहिली.

शनिवारी तिचा शेवटचा दिवस. शाळा सुटली होती, ती आत्याची वाट बघत तिच्या जागेवर बसली होती. मला तिची चित्रं कपाटातून काढून द्यायची होती आणि कपाटाची किल्ली सापडेना. पर्स उलटी केली, खण उपसले, टेबलाखाली रांगले. माझा पारा चढला. मी कुणाला उद्देशून नाही, भिंतीलाच म्हटलं, "कुठे मेली ही किल्ली? कुणी पाहिली का?"

"फुलदाणीत आहे."

मी टेबलाखालून डोकं वर काढलं. ते टेबलाला आपटलं.

"सकाळी तुम्ही कपाटातून पृथ्वीचा गोळा काढला," ती सांगायला लागली. "तुमचे दोन्ही हात गुंतले होते म्हणून तुम्ही किल्ली दातात धरली. तेवढ्यात मोठ्या बाई आल्या. तुम्हाला हसायचं होतं, म्हणून तुम्ही किल्ली फुलदाणीत टाकली आणि हसलात. मग मोठ्या बाई गेल्या आणि तुम्ही त्यांना काहीतरी म्हणालात, ते मी सांगत नाही. पण फुलदाणीत पाणी आहे, बाई, हात ओला होईल. थांबा, मी काढते, माझा हात लहान आहे."

तिने स्वेटरची वळकटी वर सरकवली, हात घातला आणि किल्ली काढून माझ्यासमोर धरली. मी जमिनीवरच बसलेली. गंज चढलेलं दार एकदम उघडावं तसं ते बोलणं घडाघडा बाहेर आलं होतं, आणि मी बावळटासारखी तिच्या तोंडाकडे बघत होते.

"अगं," मी म्हटलं, "तुला सगळं येतं बोलता. मग मी विचारते तेव्हा का गं बोलत नाहीस?"

तिने मला नीट बघून घेतलं. मी खरंच विचारतेय का, हे बघत असावी.

"तुम्हाला माहीत असतं ना," ती म्हणाली. "चेंडू तुमच्या हातात असतो. छत्री तुमचीच असते. घरी मोठी माणसं माहीत असलेलं विचारतात तेव्हा आपण काहीतरी केलेलं असतं. आत्या बाटली धरून विचारते, ही कुणी सांडली? तिला माहीत असतं. मग आपण बोलायचं नाही, खाली बघायचं. बोललं की आणखी ओरडा बसतो."

"आणि ते सफरचंद? त्या बाईंनी दाखवलेलं?"

"मी नाही घेतलं सफरचंद," ती घाईघाईने म्हणाली. "मी खिसे दाखवले. मला वाटलं, त्यांना कळलं."

कपाळ माझं! रोज सकाळी, गोल करून बसलेल्या सगळ्या वर्गासमोर, मी त्या पोरीवर आळ घेत होते. रोज एक नवी वस्तू धरून. आणि ती रोज विचार करत बसायची, आज मी काय केलं, आज माझं काय चुकलं. आणि मी वर हसून विचारायचे, आमची घुमी आज बोलणार का? मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. आत्या दारात आली तेव्हा मी जमिनीवरच होते. मी तिला काहीबाही सांगायला लागले, चूक झाली, माझी चूक झाली. तिला निम्मंच कळलं असावं. तिने मुलीचा हात धरला आणि विचारलं, "म्हणजे गाडी येणार की नाही?"

त्याचं उत्तर मला खरंच माहीत नव्हतं.

मोठ्या बाईंच्या घरी फोन केला. त्या म्हणाल्या, "अहो, शिफारस तुमचीच. आता तुम्हीच उलटं बोलता? तपासणीच्या बाई सोमवारी दुसऱ्या मुलांसाठी येणारच आहेत. गाडीच्या आधी त्यांना भेटा. पण त्यांच्यासमोर मुलगी बोलली पाहिजे. किल्लीची गोष्ट सांगून कुणी ऐकायचं नाही."

बरोबरच होतं. तिला बोलतं करायचं म्हणजे मला माहीत नसलेलं काहीतरी विचारायला हवं. एवढंच ना? रविवारी सकाळी मी जेवणाच्या टेबलावर बसले आणि प्रश्न शोधायला लागले. तुला किती भाऊ? माहीत आहे, एकही नाही. आत्या कुठे काम करते? माहीत आहे. तुझा आवडता रंग? निळा, मीच तिच्या चित्रांखाली लिहिलाय. दुपार झाली. शिक्षिका म्हणून माझे केस पांढरे झाले आणि मला एक खरा प्रश्न सुचेना.

लेक समोर बसून नखं कापत होती. मी तिला म्हटलं, "मदत कर ना गं. मी तुला काय काय विचारते ते आठव."

"जेवलीस का, विचारतेस. ताट माझ्या पुढ्यात असतं," ती म्हणाली. "अभ्यास झाला का, विचारतेस. वही तूच तपासलेली असते. कुठे होतीस, विचारतेस, आणि गॅलरीतून बघत तूच उभी असतेस." तिने नेलकटर खाली ठेवलं. "मला राग येतो, आई. पोलीस विचारतात तसं वाटतं. मी बोलणं सोडून दिलं ते त्यामुळेच. तुला वाटलं, माझं वयच तसं आहे."

नवरा पेपर वाचत होता. मला वाटलं, आता तो मिठाचं काहीतरी बोलेल. पण तो पेपर तोंडासमोर धरून बसला, आणि त्याने हसणं टाळलं याची मला जास्त लाज वाटली.

शेवटी लेकीनेच मला प्रश्न काढून दिले. आत्या झोपेत काय बडबडते? बाबा ट्रकमधून आले की आधी काय करतात? मैदानावर तुला कोण आवडत नाही? चांगले प्रश्न होते. ते मी घोकून घोकून पाठ केले.

सोमवारी तपासणीच्या बाई त्याच खोलीत बसल्या होत्या. मोठ्या बाई दाराशी. आत्याने कामावर खाडा केला होता, ती भिंतीला टेकून उभी होती, हातात मुलीच्या कपड्यांची पिशवी. गाडी खाली आली होती, हॉर्न एकदा वाजलाही होता. मी सगळं सांगितलं. खिशांचंही सांगितलं. तपासणीच्या बाईंनी ते शांतपणे ऐकून घेतलं. "असेलही तसं," त्या म्हणाल्या. "विचारा की तुम्ही काहीतरी. मी ऐकते."

मुलगी माझ्यासमोर उभी होती. स्वेटर तोच. तिचे हात खिशांकडे चालले होते. ते बघितलं आणि पाठ केलेलं सगळं माझ्या डोक्यातून पार उडालं. एकही प्रश्न आठवेना. खोलीतले सगळे माझ्याकडे बघत होते आणि मला पहिल्यांदा कळलं की सगळे बघत असताना गप्प उभं राहणं म्हणजे काय असतं. पुन्हा हॉर्न वाजला. आणि माझ्या तोंडून निघालं ते हे, "तुला माझ्याच वर्गात राहायचंय ना गं?"

असा प्रश्न! ज्याचं उत्तर मला माहीत होतं. पुन्हा तेच केलं मी. मला रडूच यायला लागलं.

ती मात्र माझ्याकडे बघत होती. मग तिचे हात खिशांपासून सुटले.

"नाही," ती म्हणाली.



"तुम्हाला खरंच माहीत नव्हतं, बाई?" तिला आश्चर्य वाटलं होतं, आणि थोडी दयाही आली असावी, कारण ती समजावून सांगितल्यासारखं बोलायला लागली. "तुमच्या वर्गात सकाळी माझ्या पोटात दुखतं. गोल झाला की जास्त दुखतं. मला पलीकडे जायचंय, मास्तरांकडे. ते खूप ओरडतात, पण काय ते सांगतात. आधी सांगतात, मग म्हणतात, आता तुम्ही करा. मी नकाशाच्या खाली बसते ना, तिथून सगळं ऐकू येतं. त्यांचे पाढे मला येतात. नदी कशी होते ते पण येतं. पाणी डोंगरावरून येताना आधी बारीक असतं, मग त्याला दुसरं पाणी मिळतं. मास्तर म्हणाले, कुठलीच नदी एकटी मोठी होत नाही. सगळं सांगू का?"

"सांग," तपासणीच्या बाई म्हणाल्या. त्यांनी पुठ्ठ्याची पानं कधीच पिशवीत टाकली होती. आणि ती सांगत राहिली, हातवारे करत, मधेच मास्तरांसारखा आवाज चढवून. माझ्यापेक्षा चांगली नक्कल करत होती. आत्या तोंडावर हात दाबून रडत होती. तिला शब्द कळत होते की नाही कोण जाणे, पण पोरगी बोलतेय हे कळत होतं.

गाडी रिकामी परत गेली. मोठ्या बाई म्हणाल्या, "चला, सुटलं एकदाचं," आणि लगेच, "पाहुण्यांना मात्र हे सांगत बसू नका." तपासणीच्या बाईंनी जाताना माझा हात दाबला. "प्रश्न छान विचारलात हो तुम्ही." त्या चांगल्या मनाने म्हणाल्या. माझ्या तर थोबाडीत बसल्यासारखं झालं.

तिला पलीकडच्या वर्गात पोचवायचं काम माझंच होतं. दोन वर्गांमधल्या त्या एवढ्याशा वाटेवर ती माझ्या पुढे पुढे चालत होती, जवळजवळ पळतच. मास्तर आतून ओरडत होते, खडूचा आवाज येत होता. दाराशी ती थांबली, स्वेटर नीट केला, वळून माझ्याकडे बघितलं. माझ्यावर राग नव्हता तिच्या चेहऱ्यावर. असता तर बरं झालं असतं.

"बाई," तिने विचारलं, "घुमी म्हणजे काय? आत्याला पण माहीत नाही. मास्तर नाव विचारतील, तर मला सांगायला हवं ना, याचा अर्थ काय ते."

ती खरंच विचारत होती. तिला माहीत नव्हतं आणि मला माहीत होतं. ती मान वर करून वाट बघत उभी राहिली. मी तिच्या पायांकडे बघत राहिले आणि माझ्या तोंडातून अक्षर फुटलं नाही.